काळ्या पडलेल्या फोडी

सफरचंद चिरल्यावर काळं पडलं ते माझा हात लागल्यामुळेच, अशी माझी खात्री झाली होती. एवढी मी शहाणी. निजामाच्या राज्यात केजकडच्या आमच्या गावात हे फळ कुणाला ठाऊक? मामंजींनी हैदराबादेहून आणलं. "काहीतरी गोड कर," म्हणून सासूबाई देवळात गेल्या. मी आदल्याच दिवशी न्हाऊन चुलीपाशी आले होते. विटाळाच्या हातानं लोणचं नासतं, हे ऐकतच वाढलेली मी. फोडी तांबूस होताच वाटलं, दिवस मोजण्यातच चुकले. फोडी म्हशीपुढे टाकाव्यात, तर सासूबाईंना काय सांगू?

तेवढ्यात शेजारीण आली. तिच्या तोंडात सदा मिशेरीचं बोट. अर्धं वाक्य बोलायची, बाहेर जाऊन थुंकायची, मग उरलेलं बोलायची.

"रडतीस कावून? आगं, हे फळ..." ती बाहेर गेली. मी जीव मुठीत धरून उभी. "...असंच ऱ्हातंय."

मग तिनं चूळ भरली आणि सगळ्यात काळी फोड उचलून खाल्ली. "तुपावर परत. मऊ झाल्या की गूळ टाक. वेलदोडा हाय का?"

सासूबाईंनी वाटी बोटानं पुसून खाल्ली. शेजारीण एवढी जाणती कशी, ते मात्र मला उमगेना. संध्याकाळी विचारलं, "मावशी, तुमी सफरचंद कुठं खाल्लं व्हतं?"

ती म्हणाली, "खाते कुठली? आज तुझ्याच घरी पहिल्यांदा बघितलं. पर तुझं रडं थांबंना."