जातो म्हणणारा माणूस

ऑपरेशनला नेताना स्ट्रेचर लिफ्टच्या दाराशी थांबलं तेव्हा अरुणभाऊजींनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "वहिनी, येतो." त्यांची बायको, आमची शालूताई, त्यांच्या पायावरची चादर सारखी करत होती, तिने ऐकलं की नाही कोण जाणे. मी "या" म्हटलं खरं, पण तो 'येतो' मला खटकला. दुसऱ्या कुणी 'येतो' म्हटलं असतं तर त्यात काय मोठंसं, निघताना आपण सगळेच म्हणतो. 'जातो' म्हणू नये, अशुभ असतं, हे लहानपणीच दटावून शिकवलेलं असतं. पण हा माणूस जन्मभर 'जातो'च म्हणत आला होता. त्यांच्या तोंडून 'येतो' मी त्याआधी एकदाच ऐकलं होतं, आणि तेव्हा ते घाबरलेले होते... संध्याकाळी डॉक्टर बाहेर आले आणि सांगितलं, गेले. त्याला आता महिना होऊन गेला.

तुम्ही त्यांना ओळखता ते साहसकथांचे लेखक म्हणून. मागच्या पानावर तो रापलेला, दाढीवाला फोटो असलेली त्यांची पुस्तकं आमच्या नाशकात कितीतरी पोरांनी अभ्यासाच्या वहीत लपवून वाचली. आम्ही त्यांना ओळखायचो ते पुस्तकांच्या आधीपासून. सौदी अरेबियात हुफूफला एकाच इमारतीत राहायचो, ते वर, आम्ही खाली. माझा नवरा सुधीर पाइपलाइनवर इंजिनिअर. भाऊजी तेल शोधणाऱ्या तुकडीत सर्व्हेअर; नकाशात जिथे नुसता पिवळा रंग असतो त्या रुब अल खालीच्या वाळूत महिना महिना काढून यायचे. आले की शालूताई त्यांना आधी आंघोळीला पिटाळायची, मग विचारायची, कसे आहात. आणि पुन्हा निघताना जिन्यातून आवाज द्यायचे, "जातो हो." एकदा मी भांडलेच, "भाऊजी, येतो म्हणायला जीभ झिजते का तुमची?" तर शांतपणे म्हणाले, "वहिनी, वाळूत शिरणाऱ्याने येतो म्हणू नये. ते वचन होतं, आणि ते पाळणं माझ्या हातात नसतं."

मग आखाती युद्ध सुरू झालं. आमचे पासपोर्ट कफीलच्या, म्हणजे नोकरीवर आणणाऱ्या मालकाच्या कपाटात, खिशात नुसता इकामा, तिथे राहण्याचा परवाना. पळायचं म्हटलं तरी पळणार कुठे? विषारी गॅसच्या भीतीने खिडक्यांच्या फटींना चिकटपट्ट्या लावल्या, दाराखाली ओले टॉवेल सारले, आणि भोंगा वाजला की मुलीला पोटाशी धरून बाथरूममध्ये बसायचं. "मम्मा, गॅस आ गया क्या?" असं ती विचारायची, जसं काही कुणी पाहुणाच यायचाय. मी भ्याले होते, सरळ सांगते. हातातला घास तोंडात जायचा नाही. सुधीर उत्तरेला, सरहद्दीच्या अलीकडे एका पंपिंग स्टेशनवर अडकून पडला होता. फोन होता तो वर भाऊजींकडे, म्हणून माझे कान सतत त्या जिन्याकडे. पुढे कुवेतच्या तेलविहिरी पेटल्या, वारा फिरला, धूर आमच्याकडे वळला, आणि एक दिवस उजाडलाच नाही. सकाळी दिवे लावून मी चहा केला. गच्चीवर वाळत घातलेले कपडे काळे होऊन खाली आले.

त्याच सकाळी सुधीरचा फोन आला. भाऊजींनी घेतला. लाइन खरखरत होती, जेमतेम दोन वाक्यं झाली आणि कट. भाऊजी जिना उतरून आले ते हसतच. "वहिनी, सुधीर येतोय." मी वेड्यासारखी स्वयंपाकाला लागले, त्याला आवडतं म्हणून भरलं वांगं केलं. दुपार झाली तरी त्याचा पत्ता नाही. स्टेशनचा फोन लागेना. हमरस्त्यावर लष्कराने गाड्या अडवल्यात असं शेजारचा केरळी सांगत आला, तशी मी दारातच जाऊन उभी राहिले. भाऊजी उठले. "हमरस्ता बंद असेल तर तो पाइपलाइनच्या कच्च्या वाटेने येणार. या धुरात ती वाट त्याला सापडायची नाही. मला सापडेल." जीपमध्ये पाण्याचा कॅन टाकला, शालूताईची पांढरी चादर टपावर बांधली, वरच्या विमानांना दिसावी म्हणून. शालूताईने गाठी मारायला मदत केली. दारात त्यांनी आधी तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि म्हणाले, "येतो." शालूताईने माझा दंड असा धरला की नखं रुतली. "या" म्हणायचं सुचलं ते मलाच.

ते गेल्यावर थोड्या वेळाने वर फोन वाजला. मी धावले. सुधीर होता.

"अगं, मी कसा येणार? स्टेशन सोडायची परवानगी नाही कुणाला."

"तूच म्हणालास ना भाऊजींना, येतो म्हणून?"

"हो, पण ते... फोन ठेवताना. बरं, येतो, असं म्हणालो."

काय म्हणावं या माणसाला? फोनवरसुद्धा येतो म्हणायची त्याची खोड, समोरचा दारात उभा असल्यासारखी. मी ऐकलं असतं तर लगेच समजले असते. पण ऐकलं कुणी, तर ज्याने हा शब्द निरोपाला कधी वापरलाच नाही त्याने. त्याच्या लेखी येतो म्हणजे येतो. मला मात्र आनंद झाला, अगदी हसू फुटलं. नवरा सुखरूप होता माझा. हसतच मी मागे वळले तर शालूताई उभी. "मग हे कुणाला शोधायला गेलेत गं?" तिने विचारलं.

ती दुपार मला आजही नको वाटते. आम्ही दोघी खिडकीशी बसलो. चिकटपट्टीचा एक कोपरा तिने सोलून काढला होता, तेवढ्यातून रस्ता दिसायचा. एक गाडी आली की ती उठायची, पुढे गेली की बसायची. मी तिला पाणी दिलं, तिने ते तसंच हातात धरून ठेवलं. माझं वांगं ओट्यावर झाकलेलं होतं आणि मला त्याच्याकडे बघवत नव्हतं... दिवेलागणीला जीप आली. चादर काळी, भाऊजींचं तोंड काळं, त्यात नुसते डोळे. मला बघून आधी खाली मान घातली. "नाही सापडला, वहिनी." शालूताईने मग सगळं सांगितलं. ते जिन्याच्या पायरीवरच बसले. "म्हणजे फोन ठेवतो, म्हणून येतो?" असं दोनदा विचारलं. वाटेत त्यांना सुधीरच्यासारखीच एक पांढरी पिकअप दिसली होती, दार उघडं, भोवती कुणी नाही. "नंबर धुराने माखलेला. आत बघायला हवं होतं, आणि माझे पाय उचलेनात," ते म्हणाले. "आत नुसत्या चपला होत्या. कुणाच्या, देव जाणे." एवढंच सांगितलं. पुढे कधी कुणी जास्त विचारलं नाही.

सुधीर नंतर धडधाकट परत आला आणि पोटभर शिव्या खाल्ल्या. मी कुणाकडून निघताना "येते" म्हटलं की भाऊजी तेव्हापासून हटकून विचारायचे, "म्हणजे जाताय ना, वहिनी? नक्की सांगा, नाहीतर मी जीप काढीन." नाशकात परतल्यावर त्यांनी इतकी पुस्तकं लिहिली, त्यात वादळं आली, तहान आली, साप आले, पण ही दुपार कुठेच नाही. का, म्हणून विचारलं तर म्हणाले, "मी हरवलो त्याचं लिहिता येतं मला. दुसरं माणूस हरवलं तर काय होतं, ते नाही जमलं." ते स्वतः पुन्हा 'जातो'वरच गेले. भाजी आणायला निघाले तरी जातो.

परवा शालूताईकडे गेले होते. भाऊजींची खोली तशीच आहे. टेबल, चष्मा, आणि दाराशी तो हुफूफचा पाण्याचा कॅन. कॅन दाराशी असला की झोप लागते म्हणायचे. रोज सकाळी शिळं पाणी कुंड्यांना घालून ताजं भरायचे. मी सहज उचलायला गेले तर जड लागला.

"अजून भरतेस?"

"भरते."

"शालूताई, अगं..."

ती पलंगावर बसून त्यांच्या सदऱ्याची घडी घालत होती. वर न बघता म्हणाली, "लिफ्टपाशी काय म्हणाले ते ऐकलं होतं मी. मागे म्हणाले होते, तेव्हा आले होते ना."