एका बाहीएवढं वाक्य

आमच्या लँटर्न थिएटरात कपड्यांच्या खोलीवर पाटी होती : ओडील रासिको, वेशभूषा. बस्स. माणसाबद्दल इतकं कमी सांगणारी पाटी मी दुसरी पाहिली नाही. कारण दर हिवाळ्यात आम्ही जे जुनं फ्रेंच विनोदी नाटक इंग्रजीत करायचो, ते इंग्रजीत आणायची तीच. आणि मी, वेंडेल टॅन्सी, वयाच्या अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी स्वतःला नट म्हणवून घेतो, तेही तिच्याच कृपेनं. मी फारसं कुणाचं कौतुक करत नाही हे मला ओळखणारे सांगतील, तेव्हा हे नीट ऐका.

मॉन्ट्रियलमध्ये इंग्रजी नटांनी फ्रेंच नाटक करायचं म्हणजे नव्या सुनेनं सासूच्याच पद्धतीची आमटी सासूला करून वाढायची. पहिल्या दोन रांगांत फ्रेंच मंडळी हाताची घडी घालून बसायची. मूळ नाटक त्यांना शाळेपासून तोंडपाठ. आधी एकमेकांकडे बघायचे, मग हसायचं की नाही ते ठरवायचे. मेल्यांनी कित्येक वर्षं आम्हाला घाम फोडला.

त्यात आमची भाषांतरं यायची लंडनहून. एकेक वाक्य एवढं लांब, की विनोद पोचेपर्यंत हसणारा घरी जाऊन झोपलेला असायचा. एकदा तालमीत माझ्या कोटाची बाही शिवता शिवता ओडील तोंडातल्या टाचण्यांमधून म्हणाली, "हे विनोदी नाटक आहे, की वकील मृत्युपत्र वाचतोय?"

आमची दिग्दर्शिका मार्जोरी केस्टन तडकली. "एवढं कळतंय तर तूच कर ना!"

"करते की," ओडील म्हणाली. आणि केलं.

कसं केलं ते मी डोळ्यांनी पाहिलंय. टेबलापाशी बसून तिनं कधी एक ओळ लिहिली नाही. मूळ नाटकाची पानं भिंतीला टाचून ठेवायची आणि इस्त्री घेऊन उभी राहायची. फ्रेंच ओळ वाचायची, इस्त्री सदऱ्याच्या खांद्यावर ठेवायची, आणि मनगटापर्यंत नेता नेता तीच गोष्ट इंग्रजीत मोठ्यानं बोलायची. जमली तर इस्त्री बाजूला ठेवून टिपून घ्यायची. नाही जमली तर पुन्हा खांद्यापासून.

"बाही संपली की वाक्य संपलं पाहिजे," ती सांगायची. "पुढे बोलत राहिलास तर कापड जळतं बाबा."

तिच्या पहिल्याच नाटकाला पुढच्या दोन रांगांनी घडी सोडली. तेव्हापासून मीही तिला मादाम म्हणायला लागलो. ती मात्र सगळ्यांना अरे-तुरे करायची, मार्जोरीलासुद्धा.

मग शहात्तर सालच्या उन्हाळ्यात माझ्या डाव्या फुप्फुसाचं ऑपरेशन झालं. अर्धं काढलं. डॉक्टर म्हणाले, वाचलात. मी म्हटलं, वाचलो खरा, पण बोलणार कशानं? मी दुसरं काही शिकलोच नव्हतो हो. सोळाव्या वर्षापासून मोठमोठ्यानं ओरडायचं आणि लोकांना हसवायचं, एवढा एकच धंदा येत होता.

त्या हिवाळ्याचं नाटक होतं एका कापड-व्यापाऱ्याचं. लग्नात कुणीतरी याला हसलं म्हणून या महाशयांनी घरात हसायलाच बंदी घातलेली. व्यापारी मी. पहिल्याच अंकात तो सगळ्या घराला फैलावर घेतो. वीस ओळी, सलग, एका दमात. ऑपरेशनआधी मी त्या चहा पिता पिता म्हटल्या असत्या. आता सहाव्या ओळीलाच डोळ्यांपुढे काजवे चमकायचे.

मार्जोरी वाईट बाई नव्हती. तिनं मला बाजूला घेतलं. "वेंडेल, गुरुवारपर्यंत बघू. गुरुवारी हा प्रवेश पार पडला नाही तर भूमिका ग्रॅहमला द्यावी लागेल. मलाही नाटक उभं करायचंय रे."

ग्रॅहम लॉफ्टस म्हणजे माझा बदली नट. तिशीतला, छाती पिंपाएवढी. माझी भूमिका त्याला आधीच पाठ होती.

सोमवारी आणि मंगळवारी मी कपड्यांच्या खोलीत जाऊन त्या वीस ओळी म्हणत बसलो, कारण घरी बायकोला माझं धापा टाकणं ऐकवत नव्हतं. ओडील नुसती इस्त्री करत होती. मी मात्र चिडचिडा झालेला. म्हटलं, "मादाम, दोन दिवस झाले, तुम्ही ती एकच कॉलर इस्त्री करताय! बाकीचे नट काय उघडे येणार आहेत स्टेजवर?"

"तू तुझं म्हण," ती म्हणाली. "चुरगळलीये, सरळ होत नाहीये."

बुधवारी तिनं मार्जोरीपुढे नवी पानं टाकली. म्हणाली, आधीचं भाषांतर मला आवडलं नाही, पहिला अंक पुन्हा केलाय. मार्जोरीनं कपाळावर हात मारला. पण वाचता वाचता हसायला लागली. मूळ नाटकात ती वीस ओळींची खरडपट्टी मोलकरीण पेरीन मुकाट्यानं ऐकून घेते. आता ती मधे मधे तोंड घालत होती. "मी हसले नाही मालक, मला शिंक आली." "हो मालक, ही शिंकच." आणि व्यापाऱ्याला राग आला की तो आधी तपकिरीची डबी उघडायचा, नाकापाशी न्यायचा, आणि मग ओरडायचा.

गुरुवारी माझा प्रवेश लोण्यातून सुरी जावी तसा गेला. ग्रॅहमनंच पहिली टाळी वाजवली. पहिल्या प्रयोगाला पुढच्या रांगेतल्या एका फ्रेंच आजीबाई हसून हसून खुर्चीवरून घसरल्या. आणि मी? मी मूर्ख, छाती काढून सगळ्यांना सांगत सुटलो, "बघा! दम परत आला! डॉक्टरांना काय कळतं!"

तिसऱ्या आठवड्यात मला सर्दी झाली. दोन प्रयोग ग्रॅहमनं केले. मग वाटाण्याचं सूप घेऊन घरी आला, तोंड पाडून.

"वेंडेल, तू हे कसं करतोस रे? मी आवाज चढवतो न चढवतो तोच ती पेरीन मधे टपकते. पुन्हा सुरू करतो, तर तपकीर ओढायची. दोन ओळींच्या वर मला कुणी बोलूच देत नाही! मला तर उसासे टाकत उभं राहावं लागतं. हे लिहिलंय तरी कुणासाठी?"

मी चमचा खाली ठेवला. दोन ओळी. तपकीर. दोन ओळी. पेरीन. अहो, ती दोन दिवस इस्त्री करत नव्हती. माझा श्वास मोजत होती.

मला आधी काय आला असेल तर राग. माझा स्वभावच तसा. तापात कोट चढवून थिएटरवर गेलो आणि तिच्या दारात ओरडलो, "दया दाखवलीत माझ्यावर? माझ्यासाठी एवढ्या जुन्या नाटकाची मोडतोड केलीत?"

एवढं बोलून मला धाप लागली. तिनं स्टूल पुढे सरकवलं.

"बस आधी. हं. दया कसली रे डोंबलाची? सदरा माणसाच्या मापानं शिवतात ना? ते जुने लोकही तेच करायचे. नट लंगडा असला तर नोकर लंगडा लिहायचे. नटीला दात नसले तर म्हातारीचं काम वाढवायचे. त्यांनी त्यांच्या माणसांच्या मापाचं लिहिलं, मी माझ्या माणसाच्या."

"पण मला सांगायचंत तरी..."

"सांगितलं असतं तर तू श्वास घेतला असतास? तू त्या जागी वाद घालत बसला असतास." मग इस्त्री उचलून म्हणाली, "तुझा दम कॉलरएवढा राहिलाय, वेंडेल. पण कॉलरच लोकांना आधी दिसते. जा, घरी जाऊन सूप पी."

मी रडलो, तिथंच, त्या स्टुलावर. लाज वाटली नाही. त्यानंतर मी सत्तावीस वर्षं काम केलं, आणि माझ्या प्रत्येक भूमिकेचं माप तिनं घेतलं, नंतर नंतर तर मला विचारून. ओडील गेली तेव्हा तिच्या शवपेटीला खांदा द्यायला मला बोलावलं होतं. डॉक्टर नको म्हणाले. मी दिला.

गेल्या वर्षी किंग्स्टनला माझ्या नातीच्या कॉलेजात तेच नाटक होतं. कार्यक्रमपत्रिकेत ठळक अक्षरात : इंग्रजी भाषांतर, ओडील रासिको. आता सगळीकडे तेच भाषांतर करतात म्हणे, चटपटीत आहे म्हणून. व्यापारी झालेला मुलगा विशीतला, हॉकी खेळणारा, मान बैलासारखी. वीस काय, चाळीस ओळी त्यानं एका दमात फेकल्या असत्या. पण तो दोन ओळी बोलला आणि थांबला. पेरीन शिंकली. लोक हसले. तो पुन्हा दोन ओळी बोलला.

माझ्या डोळ्यांना धार लागली. नात कुजबुजली, "आजोबा, काय होतंय? हे विनोदी आहे ना?"

"गप," मी म्हटलं. "आता तपकीर येईल."

त्या धडधाकट पोरानं डबी उघडली, नाकापाशी नेली, आणि माझा श्वास घेतला.