शेवंतीने आज कौल लावला नाही

नारळ अर्धा खोवून झाला होता, तेवढ्यात शेवंती मागल्या दारी येऊन उभी राहिली. लग्नकार्यात नेसायची साडी, आणि तोंड उतरलेलं.

"वयनी, येतलास मा ओरोसाक?"

खोवायची विळी, आमचा आडाळो, तसाच भिंतीला टेकवून मी हात धुतले.

शेवंती आमची शेजारीण. नवरा मुंबईला गेला तो तिथलाच झाला. ही मालवण बंदरावर संध्याकाळच्या लिलावात मासळी घेते, सकाळी बाजारात विकते. मुलगी रिया सहा वर्षांची. पोर दर्याकडे जाऊ नये म्हणून लिलावाला निघताना ती बाहेरून कुलूप लावी. एका संध्याकाळी रियाने चहासाठी गॅस पेटवला आणि तिचा हात भाजला. आम्ही भजनाला गेलेलो. तिचं ओरडणं ऐकून वाटेने जाणाऱ्या पर्यटकांनी कुलूप फोडलं, हेल्पलाइनला फोन केला. तेव्हापासून रिया बालगृहात आहे.

ओरोसच्या बाल कल्याण समितीच्या पहिल्या तारखेला शेवंती गेलीच नाही. त्या सकाळी देवळात तिने गुरवाकडून कौल लावून घेतला होता, आज जाऊ का म्हणून. देवाच्या अंगावरची पाकळी डावीकडची पडली. डावा कौल म्हणजे नको. घर बांधायचं, लग्न ठरवायचं, होडी पाण्यात घालायची तर आमच्यात आधी कौल लागतो, मीही लावते. पण समितीला हे कोण सांगणार? तिथे नोंद झाली, आई हजर नाही, मुलीची ओढ दिसत नाही.

आज वाटेत देऊळ आलं तशी ती पायरीशीच थांबली.

"वयनी, परत डावो इलो तर?"

"तर विचारूच नको. नुसता गाऱ्हाणा घाल."

ती पायरीवरून हलेना, म्हणून मीच हात जोडले. "बा देवा म्हाराजा, ह्या बायलेचा चेडू हिच्या पदरात घाल, रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा," शेवंती पुटपुटली.

आमचे हे, गुरुदास, आम्हाला स्टँडवर सोडायला बाहेर रिक्षात बसून होते. म्हणाले, "झाला असात तर चला. तुमची बस काय देव थांबवन धरूचो नाय."

ओरोसला बाकावर बसून बसून कंबर धरली. शेवटी नाव पुकारलं. समितीतल्या बाई शांतपणे बोलत होत्या.

"मागच्या तारखेला का आला नाहीत?"

शेवंतीने माझ्याकडे पाहिलं. मग शुद्ध बोलायची धडपड करत म्हणाली, "देवानं नको म्हटलं."

"आणि आज हो म्हटलं?"

"आज विचारलं नाही, बाई. आज तो नको म्हणाला असता तरी मी येणार होते."

बाईंनी पेन खाली ठेवलं. "संध्याकाळी मुलगी कुणाजवळ राहील?"

"माझ्याजवळ," मी म्हटलं. हे आधी ठरलेलं नव्हतं. शेवंतीने मला कधी विचारलं नव्हतं, आणि मीही आपणहून म्हटलं नव्हतं.

निकाल आज नाही. अधिकारी घर बघून जातील, मग पुढली तारीख. तोवर रिया बालगृहातच.

तारखेसाठी तिला आणलं होतं, पाच मिनिटं भेटू दिलं. पोर अंगाने भरलीय, हातावरचा डाग गुलाबी झालाय. आईच्या साडीचा पदर बोटाला गुंडाळत तिने विचारलं, "आये, माका घराक नेल्यार कुलूप लावतलंस?"

"नाय गो बाय."

"मगे दार कोण लावतला?"

"तूच लाव. आतसून."

परतीच्या बसमध्ये शेवंती खिडकीला डोकं टेकून होती. झोपली असेल असं वाटलं. वाटेतलं कट्टा गाव आलं तशी डोळे न उघडताच म्हणाली, "वयनी, आमच्या दाराक आतसून कडीच नाय."

घरी आले तर खोवलेलं खोबरं आंबूस झालेलं, उरलेली वाटी तेवढी बरी होती. देवाकडे दिवा लावला. आज काही मागितलं नाही, सकाळी मागून झालं होतं.

उद्या बाजार उरकला की शेवंतीला हार्डवेअरच्या दुकानातून कडी आणायची आहे, रियाचा हात पोचेल इतक्या खाली बसवायला.