उंबराचा ओला चीक

पहिलंच सांगून टाकतो, मी अमावस्येला केस कापणारा माणूस आहे. मांजर आडवं गेलं तर मांजरालाच ‘बाजूला हो’ म्हणणारा. या कॉलममधले अनुभव वाचून आजवर हसलोच. आता तुम्ही माझ्यावर हसा, हरकत नाही. फक्त ‘प्यायला असेल’ म्हणू नका... ते ऐकून ऐकून कान किटलेत.

आमचं गाव मुरबाड तालुक्यात, म्हसा गावापासून आत, सिद्धगडाच्या अंगाला. मी शहापूरजवळ एका कंपनीत शिफ्टला असतो. गेल्या वैशाखात माझ्या धाकट्या बहिणीचं, मनीचं, लग्न होतं. मुलगा शेणवे गावचा. वडील नाहीत, सख्खा भाऊ मी एकटाच. खरं तेही सांगतो, हे स्थळ मला पसंत नव्हतं. मुलाची नोकरी पर्मनंट नव्हती, आणि मी तसं घरात बोललोही होतो. पण मनी म्हणाली हाच, मग मी विषय सोडला. मनापासून सोडला. मांडव मी स्वतः घातला.

आमच्यात देवकाला उंबराची फांदी लागते, ती नवरीच्या भावाने आणायची. आदल्या संध्याकाळी झाडापुढे अक्षता-सुपारी ठेवून ‘उद्या लग्नाला चला’ म्हणून आवतण द्यायचं आणि सकाळी फांदी तोडायची. हे सगळं मी रीतसर केलं. लक्षात ठेवा, कारण पुढे लोक यातच खोट काढणार आहेत.

सकाळी हळद, दुपारनंतर लग्न. चहा पिऊन कोयता घेतला आणि निघालो. उंबर ओढ्याच्या पलीकडे, रानात थोडासा आत. लहानपणापासूनची वाट, जाऊन येईपर्यंत घरात दुसरा चहा उकळत नाही. झाडाला हात जोडले, हाताएवढी फांदी तोडली. चीक टपकायला लागला, तो शर्टाला लागू नये म्हणून फांदी लांब धरली आणि वळलो. बस्स. बसलो नाही, झोपलो नाही, पडलो नाही. तुम्हाला सांगण्यासारखं तिथे काही घडलंच नाही हो, हाच तर वैताग आहे.

ओढ्यापाशी आलो तर बँजो ऐकू आला. म्हटलं, हळद लवकर सुरू केली वाटतं. मग ऊन डोळ्यांवर आलं. सकाळी घराकडे परतताना ऊन पाठीवर असायला पाहिजे, सावली पुढे चालायला पाहिजे... ती माझ्या मागे होती, लांबलचक. खिशात मोबाईल थरथरायला लागला. मिस्ड कॉल, मेसेज, एकामागून एक, सगळे घरचे. मी पळत सुटलो.

मांडवात खुर्च्या गोळा करत होते. काकाने विहिरीजवळच्या उंबराची फांदी आणून देवक बसवलं होतं. कानपिळीला नवऱ्याचा कान पिळायचा मान नवरीच्या भावाचा, तो चुलतभावाने घेतला होता. मनी सासरी निघायला गाडीत बसली होती, डोळे रडून सुजलेले. मी खिडकीतून फांदी पुढे केली, मूर्खासारखी. तिच्या हातावर चिकाचा एक थेंब पडला.

“आत्ता तोडलीस?” तिने विचारलं.

“सकाळी.”

तिने हात पदराला पुसला आणि काच वर केली.

माझ्या मनगटावरच्या घड्याळात अजून सकाळच होती. काकाला दाखवलं तर म्हणे सेल गेला असेल. चालू होतं हो, काटा फिरत होता! गावातली माणसं मला शोधत पार उंबरापर्यंत जाऊन आली होती, तिथे कोणी नव्हतं. मित्र म्हणाले, मोहाची मारून कुठेतरी पडला असशील. मी आयुष्यात थेंब घेतलेला नाही. बायकोने गुपचूप तोंडाचा वास घेतला, तरी तिची खात्री पटली नाही. म्हाताऱ्यांचं दुसरंच, आवतण नीट दिलं नसशील, म्हणून झाडाने ठेवून घेतलं. म्हणजे शिकलेल्यांच्या लेखी मी दारुडा आणि देवभोळ्यांच्या लेखी मी चुकलेला. झालं ते कसं झालं, हे कुणीच सांगेना. चिडून कितीदा तरी त्या झाडाखाली जाऊन उभा राहिलो... मुंग्या चावल्या फक्त.

मनी दिवाळीपर्यंत माझ्याशी बोलली नाही. भाऊबीजेला आली, ताट केलं, निरांजन लावलं आणि ओवाळायच्या आधी थांबली.

“दादा, तुला माझं लग्न नको होतं म्हणून तू आला नायस. मला सारखं तेच वाटत राहतं.”

मी पुन्हा सगळं सांगितलं. उंबर, ऊन, घड्याळ. ती नुसती मान हलवत राहिली.

“असलं नको सांगू रे. प्यायला होतास, असं सांग. ते मला समजेल तरी. मी माफ करते.”

जे ऐकलं की इतके महिने अंगाचा तिळपापड व्हायचा, तेच ती माझ्या तोंडून मागत होती.

“हो,” म्हणालो. “प्यायलो होतो.”

ती ढसाढसा रडली, दोन शिव्या घातल्या, मग ओवाळलं. नवऱ्याला हाक मारून पाटावर बसवलं आणि माझ्याकडून त्याचा कान पिळून घेतला. सगळे हसले. मीही हसलो.

आता आमचं बरं चाललंय. तिचा रोज फोन येतो, आणि ठेवताना न चुकता विचारते, “घेत नायस ना रे आता?” मी म्हणतो, “नाय गो.” तो दिवस कुठे गेला, मला आजही ठाऊक नाही. आणि आता घरात कुणाला विचारायची सोयही राहिली नाही.