तलावाच्या नोंदीबाबत विनंती अर्ज

अर्जदार: मी, कचेरीसमोरील अर्जनवीस. साक्षीदार: शेजारचा चहावाला. काळ: दुष्काळाचे दुसरे वर्ष.

पुंडलिकनगरातील एक निवृत्त कारकून रोज माझ्या बाकावर बसून ऑनलाइन विश्वकोशात, प्लॉटसाठी बुजवल्या जाणाऱ्या तलावाची नोंद लिहितात. त्यांचा आधार पर्यावरण संस्थेचा अहवाल. "संस्था प्रचारकी आहे," म्हणून संपादकांनी नोंद काढली. नोंद खरी असल्याचे मी स्टॅम्पपेपरवर रीतसर प्रतिज्ञापत्र करून दिले, तेही नाकारले. वर कारकुनांना विचारले, संस्थेशी आपला संबंध काय?

"काही नाय म्हणा, काका," मी सुचवले.

"असं कसं, मुन्शीजी? अहवालातलं पाणी मीच मोजलंय की!" चष्मा पुसून त्यांनी तसेच लिहिले.

तेव्हापासून संपादक गप्प आहेत. सबब नम्र विनंती की, नोंद ठेवावी वा न ठेवावी, पण संपादकांनी या गृहस्थांना उत्तर द्यावे.