नमनात पेटीवर

आमच्या गावात कुणबीवाडीचं नमन आणि आमच्या बौद्धवाडीची गायन पार्टी, दोन्ही माझ्या जन्माआधीपासून चालू आहेत. नमन म्हणजे काय, हे आमच्या जिल्ह्याबाहेरच्या माणसाला सांगावं लागतं. मृदंग आणि टाळांवर खेळ सुरू होतो, देवांना, धरतीला आणि समोर बसलेल्यांना वंदन होतं. मग काळ्या कपड्यांतला, उंच टोपीचा संकासूर घुंगरं वाजवत नाचून जातो. त्यानंतर राधा, कृष्ण आणि मावशीची गवळण, आणि शेवटी राजा-राणीचं एखादं वगनाट्य. आमच्याकडे खेळातली बायकांची कामंही पुरुषच करतात. शिमग्यात गावातला खेळ झाला की मंडळी टेम्पोत सामान भरून आसपासच्या गावांत फिरतात, आणि पुढे मुंबईतल्या एखाद्या नाट्यगृहात एक खेळ लावतात. तो बघायला आमच्या भागातले चाकरमानी बायकामुलांसकट येतात.

आमची गायन पार्टी एवढी मोठी नव्हती. पेटी, ढोलकी, मागे साथीला चारजण. जयंतीला गाणार, लग्नात गाणार, कोणी नवं घर बांधलं तर तिथे गाणार. पेटी वाजवायला मला वडिलांनी शिकवलं. ते स्वतः पार्टीचे मुख्य गायक होते आणि शिकवताना फार बोलत नसत. चुकलं की माझं बोट उचलून योग्य पट्टीवर ठेवत.

मी लोट्याला एका केमिकल कंपनीत लागलो. तिथे माझ्याच प्लांटवर कुणबीवाडीचा एकजण होता, माझ्यापेक्षा थोडा मोठा. तो नमनात राधा करायचा. शिमगा जवळ आला की मिशी काढायचा, आणि सुपरवायझरपासून कँटीनवाल्यापर्यंत सगळे त्याची मस्करी करायचे. तो हसून सोडून द्यायचा. आमची दोस्ती कंपनीच्या बसमध्ये झाली. गाव एकच, पण दोन वाड्यांमध्ये ओढा होता, आणि बसमध्ये शेजारी बसेपर्यंत आम्ही एकमेकांशी कामापलीकडे बोललोही नव्हतो.

एका वर्षी त्यांच्या पेटीवाल्या म्हाताऱ्यांना अर्धांगाचा झटका आला. जीव वाचला, पण डावा हात कामातून गेला. शिमगा तोंडावर आला होता. राधावाला बसमध्ये मला म्हणाला, "तू बसशील काय आमच्या पेटीवर?"

मला वाटलं, मस्करी करतोय. "बुवांना विचारलंस?" मी म्हटलं. बुवा म्हणजे त्यांच्या मंडळाचे प्रमुख. मृदंग तेच वाजवायचे.

"बुवांनीच विचारायला सांगितलंय. बाहेरून भाड्याने माणूस आणायचा तर त्याला आपल्या चाली येत नाहीत. तू लहानपणापासून ऐकल्यायस."

ते खरं होतं. ओढ्याच्या अलीकडे बसून मी त्यांच्या तालमी ऐकलेल्या होत्या. घरी कोणी नसताना त्यांच्या गवळणी पेटीवर काढूनही बघायचो.

त्या संध्याकाळी मी वडिलांना सांगितलं. ते पडवीत सुपारी कातरत होते. हातातली सुपारी कातरून संपवली. मग म्हणाले, "आपल्या माणसांनी वाजवायचं सोडलं. तू परत वाजवायला चाललास."

त्यांना काय म्हणायचंय ते मला कळलं. धर्मांतराच्या आधी शिमग्यात ग्रामदेवतेच्या पालखीपुढे ढोल वाजवायचं काम आमच्या वाडीकडे होतं. त्याला नाही म्हणायची सोय नव्हती. माझ्या आजोबांनी धर्मांतरानंतर तो ढोल गावच्या मानकऱ्यांच्या अंगणात नेऊन ठेवला आणि परत आले. पुढचं वर्षभर त्यांना गावात कोणी मजुरीला बोलावलं नाही. आजी डोंगरापलीकडच्या गावात भाताच्या लावणीला जायची. हे सगळं वडिलांनी लहानपणी पाहिलेलं होतं.

"तो ढोल वेगळा होता, बाबा," मी म्हटलं. "मला ते विचारायला आलेत. मी नाही म्हणू शकतो."

"मग म्हण ना."

मला पेटीवर बसायचं होतं, एवढंच खरं होतं. गायन पार्टीत मी वर्षातून चार-सहा वेळा वाजवायचो. तिकडे पूर्ण खेळाला वाजवायला मिळणार होतं. दोन दिवस घरात बोलणं तुटक झालं. तिसऱ्या दिवशी मी कामावर निघालो तेव्हा वडील म्हणाले, "वाजव. पण नारळाला हात लावायचा नाय आणि पाया पडायचं नाय. आधी सांगून ठेव त्यांना."

मी बुवांना तसंच सांगितलं. खेळ सुरू करण्याआधी वाद्यांची पूजा होते, नारळ फुटतो, सगळे मृदंगाच्या पाया पडतात. बुवांनी ऐकून घेतलं. ते शिकलेले नव्हते फारसे, गावात भातशेती आणि काजूची थोडी झाडं, एवढाच त्यांचा पसारा. म्हणाले, "ठीक हाय. पूजा होईस्तोवर तुम्ही बाहेर चहा प्या. वाजवायला बसाल तेव्हा बसा." तोपर्यंत मला ते अरे-तुरे करायचे. त्या दिवसापासून मला मास्तर म्हणू लागले.

गावातला खेळ नीट झाला. आमच्या वाडीतले काहीजण मुद्दाम बघायला आले, काहीजण माझ्यावर रागावून आले नाहीत. वडील आले नाहीत.

मग फिरतीचे खेळ सुरू झाले. मला पहिल्या पाळीची ड्यूटी असली की कंपनीतून सुटून थेट टेम्पोत बसायचो. राधावालाही तसाच. टेम्पोतच तो दाढी घोटायचा. गावं मी नाव न घेता सांगतो, कारण आता तिथे दुसरी माणसं आहेत. तिसरं की चौथं गाव होतं. खेळाआधी ज्यांनी आम्हाला बोलावलं होतं त्यांच्याकडे जेवण होतं. ओटीवर पंगत मांडलेली. आम्ही हातपाय धुऊन वर चढत होतो, तेवढ्यात घरातल्या एका पोक्त माणसाने मला विचारलं, "तुम्ही नवीन दिसता. कुठल्या वाडीचे?"

मी सांगितलं. खोटं सांगायचं काही कारण नव्हतं.

तो काही वाईट बोलला नाही. फक्त आत जाऊन आला आणि म्हणाला, "तुमचं पान खाली अंगणात मांडलंय. तिथे वारा बरा आहे."

अंगणात खरंच एक पान मांडलं होतं. एकच. ओटीवर माणसं बसायला लागली होती. मी खाली उतरलो. टेम्पोत जाऊन बसावं असं मनात आलं, पण त्या पानासमोर जाऊन बसलो. घरी गेल्यावर वडिलांना काय सांगणार, हेच डोक्यात फिरत होतं. ते बरोबर होते, असं मला त्या क्षणी वाटलं.

राधावाल्याने तोपर्यंत साडी नेसून घेतलेली होती, कारण जेवणानंतर लगेच खेळ होता. गंगावन लावलेलं, तोंडाला रंग, हातात बांगड्या. तो ओटीवरून आपलं पान उचलून खाली आला आणि माझ्या शेजारी, साडीचा घोळ सावरत, मांडी घालून बसला. "इथे वारा खरंच बरा आहे," एवढंच म्हणाला आणि जेवायला लागला. घरातल्या बायका दारातून बघत होत्या. थोड्या वेळाने संकासूर खाली आला, मग टाळवाले दोघे. बाकीचे वरच जेवले. बुवाही वर जेवले. मान खाली घालून, पटापट. मी त्यांच्याकडे बघत होतो आणि ते माझ्याकडे बघत नव्हते.

खेळ झाला. मी वाजवलं. कसं वाजवलं ते आठवत नाही. परत येताना टेम्पोत कोणी त्याविषयी बोललं नाही. गाव आलं, सगळे उतरले, तेव्हा बुवा माझ्याजवळ येऊन थांबले. "मास्तर, त्या घराशी आमची सोयरीक हाय," म्हणाले. "माझ्याच्यानं उठवलं नाय." त्यांनी पेटी माझ्या हातातून घेतली आणि ओढ्यापर्यंत स्वतः उचलून आणली.

पुढच्या वर्षी त्या गावाचं बोलावणं आलं तेव्हा मंडळाने तारीख जमत नाही म्हणून कळवलं. त्याच्या पुढच्या वर्षीही जमली नाही. नंतर बोलावणं यायचं थांबलं.

वडिलांना मी त्या जेवणाचं सांगितलं नाही. पण गावात गोष्टी लपत नाहीत. त्यांना कुठून तरी कळलं होतं, आणि राधावाला खाली येऊन बसला हेही कळलं होतं. ते मला त्यांच्याकडून समजलं मुंबईत. त्याच हंगामात आमचा खेळ नाट्यगृहात लागला होता, दुपारचा. माझी बहीण डोंबिवलीला असते, वडील तिच्याकडे गेले होते. बहीण म्हणाली, चला बघायला, आणि ते चक्क आले. मधल्या रांगेत बसले. मला पडद्याच्या फटीतून दिसले.

खेळ संपल्यावर ते मागे रंगपटात आले. राधावाला आरशासमोर रंग पुसत होता. वडील त्याच्याजवळ गेले आणि म्हणाले, "तू अंगणात बसलास ते कळलं मला." तो उठून उभा राहिला, अर्धं तोंड रंगलेलं. "मुरलीच्या गवळणीत तुझा आवाज वर जात नाय," वडील पुढे म्हणाले, "पट्टी अर्ध्याने उतरव, चांगलं गाशील." तो म्हणाला, "होय काका." मग वडील माझ्याकडे वळले. मला त्यांनी सांगितलं की गवळणीत माझी पेटी फार मोठी होते, मृदंग ऐकू येत नाही. बुवा तिथेच होते. ते म्हणाले, "तेच मी सांगतोय मास्तरांना." दोघे मृदंगाबद्दल बोलत बाहेर चहाला गेले. मी आणि बहीण बघत राहिलो.

त्यानंतर मी बुवांना आमच्या जयंतीच्या कार्यक्रमात मृदंग वाजवायला बोलावलं. "बघतो," म्हणाले, आणि आले नाहीत. दुसऱ्या वर्षीही नाही. तिसऱ्या वर्षी आले, न सांगता, मृदंग खांद्याला अडकवून. वडील त्या वेळी गाणं बंद करून बसले होते, दम लागायचा. पण बुवा समोर बसल्यावर ते उठले आणि दोन गाणी गायले. आवाज जुना नव्हता, ठेका मात्र सुटला नाही.

आता मंडळात आमच्या वाडीतली दोन पोरं आहेत. एक बँजो वाजवतो, एक वगनाट्यात प्रधान होतो. नारळ फुटतो तेव्हा आम्ही तिघे बाहेर चहा पितो. आमच्या वाडीत अजून काही घरं आहेत जी मला या गोष्टीवरून बोलतात, आणि त्यांचं म्हणणं मला समजतं.