नवीन आलेल्यांची नोंद

“काय गं खबरी, आज काय बातमी?”

पोलीस चौकीच्या साहेबांनी गाडीची काच खाली करून भर गल्लीत विचारलं. शेजारी बसलेला हवालदार हसला. नळावरच्या बायका हसल्या नाहीत. माझ्याकडे बघितलं आणि हंडे उचलून निघून गेल्या.

घाटकोपरच्या या टेकडीवर मी आरोग्य स्वयंसेविका आहे. तीनशे दहा घरं माझ्या वहीत आहेत. कोण गरोदर, कोणाच्या टीबीच्या गोळ्या चालू, गावाहून नवीन कोण आलं. नवऱ्यापासून लपवलेलंही बायका मला सांगतात.

महिन्यापूर्वी साहेबांनी चौकीत बोलावलं. खुर्ची रिकामी होती. बस म्हणाले नाहीत. चोरीतला कोणी वस्तीत लपलाय, नवीन आलेल्याचं नाव हवं. मी नाही म्हटलं. तेव्हा हळू आवाजात म्हणाले, “तुमच्यातली असून तुझी पोरगी एवढी शिकली, चांगलं आहे. तिच्या नोकरीचं व्हेरिफिकेशन आमच्याकडेच येणार ना? तुझं नाव कुठे येत नाही.”

मी वही उघडली. टाकीजवळच्या शांताकडे जालन्याहून भाऊ आला होता. त्याच्या टीबीच्या गोळ्या सुरू होऊन बारा दिवस. मी नाव वाचून दाखवलं.

त्याला तीन दिवस चौकीत ठेवलं. चोर तो नव्हताच. परत आला तो भिंत धरून चालत. तरी मी गप्प बसले.

मग ती गाडी गल्लीत आली. दुसऱ्या दिवशी गोळ्यांच्या सात घरांपैकी पाच घरांनी दार उघडलं नाही. चढावर मागे पावलं वाजली की मी वळून बघते. तशीच शांताकडे गेले. मीच सांगितलं, म्हटलं. ती भांडली नाही.

“ताई, निदान त्याच्या गोळ्या तरी चौकीत नेऊन द्यायच्या. आम्हाला दारातून हाकलत होते. तुमचं ऐकलं असतं.”

ऐकलं असतं. मला सुचलंच नाही. मी माझ्या भीतीत होते.

काल साहेबांचा पुन्हा फोन आला. नाव हवं तर दवाखान्याकडे लेखी मागा, मी म्हटलं. ते नुसते हसले. मुलीच्या व्हेरिफिकेशनचा कागद अजून त्यांच्याच टेबलावर आहे.

आज साहेबांच्या वरिष्ठांच्या कार्यालयात तक्रारीचा अर्ज घेऊन उभी आहे. तारीख, वेळ, कोण काय बोललं, ओळीने लिहिलंय. नाव कोणी दिलं, त्यापुढे माझं पूर्ण नाव. काम जाईल. मुलगी सकाळपासून बोललेली नाही. खिडकीतला शिपाई म्हणतो, ठेवून जा बाई. शिक्का मारलेली पोच हातात पडल्याशिवाय मी इथून हलणार नाही.